सरदार एप्पोच्या एकशे अडुसष्ट रेघा

"सगळ्यांनी आता तोंडं बंद. टोप्या सांभाळा, चष्मे सांभाळा, पोरं सांभाळा. या विहिरीत जे पडतं ते थेट चौदाव्या शतकात जातं, आणि तिथून पोस्टाने काही परत येत नाही."

हे वाक्य मी झोपेतसुद्धा म्हणू शकते. शेवटच्या 'नाही'वर हनुवटी खाली आणायची, खट्! पाकिटावर शिक्का मारल्यासारखी. इर्मट्राउट चिर्नरबाईंनी आमच्या विख्टेनाऊच्या पोस्टात चौतीस वर्षं शिक्के मारले. पोस्ट सुटलं, शिक्का काही सुटला नाही. आणि गेली एकतीस वर्षं, दर रविवारी अकरा वाजता, बाई पाहुण्यांना किल्ला दाखवायला चौकातल्या विहिरीपाशी उभ्या असतात. राखाडी कोट, सपाट टाचांचे बूट, हातात पाण्याने भरलेला पत्र्याचा जग. जगाला एक पोचा आहे. तो कसा पडला हे विचारलं की बाई म्हणतात, "सतराव्या शतकात, तीस वर्षांच्या युद्धात." लोक मान डोलावतात. माझी खात्री आहे, जग पंधरा वर्षांपूर्वी बाजारातून आणलाय.

मग त्या विहिरीवर जग कलंडवतात.

"मोजा! एकवीसपासून. एक, दोन, तीन म्हटल्याने सेकंद होत नाहीत, नुसती घाई होते."

आणि एकमेकांना ओळखत नसलेली चाळीस माणसं माना वाकवून पुटपुटायला लागतात. एकवीस, बावीस, तेवीस, चोवीस. चोवीसवर खालून आवाज येतो. टप्प.

"सत्तर मीटर. खणायला बारा वर्षं लागली. खणणाऱ्यांची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत." खट्.

माझं घर किल्ल्याच्या दरवाज्याखालीच, त्यामुळे हा सगळा कार्यक्रम लहानपणापासून माझ्या खिडकीतून आत येतो. नकला करणं हे माझं व्यसन आहे. आमचे नगराध्यक्ष प्रत्येक वाक्याच्या आधी "एक गोष्ट स्पष्ट आहे" म्हणतात आणि मग जे बोलतात ते कुणालाच स्पष्ट होत नाही. बेकरीवाले वेंडेलिन हेक अर्धं वाक्य बोलतात, हात पुसतात, आणि उरलेलं अर्धं आपण समजून घ्यायचं. हे सोपे आहेत. चिर्नरबाई अवघड. त्यांच्या बोलण्यात एक जागा होती, ती मला बरेच दिवस जमत नव्हती.

ती जागा बुरुजात होती.

विहीर झाली की बाई लोकांना उपासाच्या बुरुजात नेतात. आमच्या गावाचं सगळं नाव त्याच बुरुजामुळे. सन तेराशे एकोणनव्वदमध्ये सरदार एप्पोला त्याच्या सख्ख्या चुलतभावाने एका पाणचक्कीच्या वादावरून इथे कोंडलं. निव्वळ भाऊबंदकी. छताला भोक होतं, त्यातून दर रविवारी एक पाव खाली टाकायचा, बस्स. एप्पो भिंतीवर रोज एक रेघ मारायचा. सहा आखूड, आणि पावाच्या दिवशी एक लांब. चोवीस आठवडे त्याने असं काढलं. चोविसावा पाव खाल्ला, शेवटची लांब रेघ मारली आणि मेला. बायका इथे रुमाल काढतात. मग बाहेर पडून हेकच्या बेकरीत जातात आणि एप्पो पाव घेतात. राईचा काळा पाव, वर सात चिरा, सहा आखूड, एक लांब. वेंडेलिन हेक चाळीस वर्षं तोच पाव भाजतायत, आणि गावातला निम्मा रविवार त्या पावावर चालतो.

बाई टॉर्च भिंतीवर फिरवतात आणि म्हणतात, "एकूण रेघा..." इथे आवंढा. अगदी छोटा. "...एकशे अडुसष्ट."

तो आवंढा! इतर कुठेच नाही. एप्पो मरतो तेव्हा नाही, सत्तर मीटरवर नाही. फक्त आकड्याच्या आधी. जणू घशात पोस्टाचं तिकीट अडकलंय.

मे महिन्यातल्या एका गुरुवारी शाळेतून येताना माझ्या तीन मैत्रिणी म्हणाल्या, "लिओबा, बाई करून दाखव ना." मग मी विहिरीच्या कठड्यापाशी उभी राहिले आणि अख्खा दौरा करून दाखवला, दप्तर जग म्हणून धरून. त्या हसून लोळायच्या बाकी होत्या. मी बुरुजाच्या दारापर्यंत आले, हात उंचावला, "एकूण रेघा," आवंढा, "एकशे अडुसष्ट," खट्!

कुणी हसलं नाही. तिघी माझ्या खांद्यावरून मागे बघत होत्या. आणि मग तिघीही गायब.

चिर्नरबाई बुरुजाच्या दारात झाडू घेऊन उभ्या होत्या.

"पुन्हा कर," त्या म्हणाल्या.

"बाई, मी सहज, म्हणजे..."

"माफी नंतर माग. तेवढंच वाक्य पुन्हा कर."

मी केलं. माझा आवाज चिमणीएवढा झाला होता, पण आवंढा जिथल्या तिथे पडला.

"मी असं करते?"

"हो."

"कधीपासून?"

"मी ऐकतेय तेव्हापासून. दर रविवारी."

त्यांनी झाडू भिंतीला टेकवला. "एकतीस वर्षं," त्या स्वतःशीच म्हणाल्या, "आणि मला वाटत होतं, कुणाला काही कळत नाही." मग माझ्याकडे बघून, "तुला आणखी काय काय ऐकू येतं, पोरी?"

आता इतकं झालंच होतं, तर मी विचारून टाकलं. मला ते दोन वर्षं विचारायचं होतं. "बाई, वर नुसतं एक भोक. खाली मिट्ट काळोख. मग एप्पोला दिवस संपला हे कसं कळायचं? आणि रेघा इतक्या खाली का आहेत? माझ्या कमरेशी येतात. सरदार काय बुटका होता?"

"गावच्या शाळेतल्या बोकेलमान मास्तरांच्या किल्ल्यावरच्या पुस्तिकेत लिहिलंय, अशक्तपणामुळे तो बसून रेघा मारायचा."

"पहिल्या दिवसापासून अशक्त?"

बाई हसल्या नाहीत, पण त्यांची हनुवटी हलली. त्यांनी खिशातून टॉर्च काढला. "ये आत."

आत थंडगार. त्यांनी मला भिंतीपाशी उभं केलं. "आता गुडघ्यावर बस. अजून थोडी खाली. हां. आता हात समोर कर, ताठ नको, सहज." माझं बोट बरोबर रेघांच्या पहिल्या ओळीवर आलं. "तू आता सहा वर्षांच्या मुलीएवढी आहेस," बाई म्हणाल्या. "मी तेवढीच होते."

मला काहीच कळेना. मग त्या सांगायला लागल्या. आवाजातला शिक्का गेला होता. शब्दांची शेपटं वर जात होती, गाण्यासारखी. ते आमच्याकडचं बोलणं नव्हे. ते तिकडचं, पूर्वेचं, सिलेसियातलं, जिथून दुसऱ्या महायुद्धानंतर त्यांना सगळं सोडून निघावं लागलं.

"शेहेचाळीसच्या शरदात आम्हाला इथे आणलं. आई, माझा भाऊ गोटहार्ट आणि मी. गावात कुणी खोली देईना, म्हणून अकरा निर्वासित कुटुंबं किल्ल्यात भरली. चांगल्या खोल्या आधी आलेल्यांना मिळाल्या. आम्हाला हा बुरूज मिळाला. तेव्हा हे दार होतंच, शंभर वर्षांपूर्वी कुणीतरी बटाटे ठेवायला फोडलेलं. दारातून उजेड यायचा, म्हणून रेघा दाराशेजारी आहेत. खाली गावात आम्हाला काय म्हणायचे माहितीये? बुरुजातली उंदरं."

"कोण म्हणायचं?"

"सगळे म्हणायचे. दूध घ्यायला गेलं की म्हणायचे. उंदरांना दूध कशाला?" हे त्यांनी इतकं हुबेहूब आमच्या गावच्या नाकातल्या आवाजात म्हटलं की माझ्या लक्षात आलं, नकला त्यांनाही येतात.

"वडील रशियात कैदेत होते. आई म्हणाली, येतील. गोटहार्ट आठ वर्षांचा. तो म्हणाला, रोज एक रेघ मारू, म्हणजे लवकर येतील. एक दिवस तो, एक दिवस मी. तो डावखुरा, त्याच्या रेघा बघ, तिरक्या आहेत. माझ्या सरळ. रविवारी आई शेतावरच्या कामावर जायची नाही, दिवसभर आमच्याजवळ असायची. म्हणून रविवारची लांब."

मी टॉर्च जवळ नेला. तिरकी, सरळ, तिरकी, सरळ. कित्येक वर्षं बघत होते, पण दिसलं नव्हतं.

"मग एप्पो?"

"एप्पो नावाचा कुणी असेलही. जुन्या दस्तऐवजात एकदा नाव येतं, पाणचक्कीच्या भांडणात. बाकीचं बोकेलमान मास्तरांचं. एकसष्ट साली त्यांना या रेघा सापडल्या आणि वर्तमानपत्रात फोटो आला. आईने तो बघितला आणि इतकी हसली की तिला खाली बसावं लागलं. मी म्हटलं, मास्तरांना सांगून येते. ती मला ट्राउडेल म्हणायची. म्हणाली, ट्राउडेल, गप्प बस. पंधरा वर्षांत या गावाने पहिल्यांदा आपल्याला मान दिलाय."

"म्हणून आवंढा?"

"नाही." बाईंनी शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं. "हे बघ. ईस्टरनंतरच्या दुसऱ्या आठवड्यात, बुधवारी, आईने कुठूनतरी शेळी आणली. शेळी! आम्ही वेडे झालो. मी तिच्यामागे डोंगरभर पळाले, आणि रेघ मारायची राहिली. दुसऱ्या दिवशीही राहिली. मग आठवणच गेली. तोवर एकशे त्रेसष्ट झाल्या होत्या. मी रोज मोजायचे, मला पक्कं माहितीये. तेवीस आठवडे आणि दोन दिवस. आता मोज."

मी मोजलं. शेवटच्या ओळीत सहा आखूड, एक लांब होती. आठवडा पुरा होता.

"या पाच रेघा माझ्या नाहीत," बाई म्हणाल्या. "म्हणजे गोटहार्टच्या. मी शेळीमागे पळत होते आणि तो एकटा इथे येऊन मोजत होता, अजून पाच दिवस. मला न सांगता. वडील आले नाहीत. पन्नास साली कागद आला, आम्ही रेघा मारत होतो त्याच हिवाळ्यात ते गेले होते. म्हणजे रेघांनी काही फरक पडला नसता, हे मला कळतं. पण ते एकाहत्तर वर्षांच्या बाईला कळतं. सहा वर्षांच्या पोरीला कोण समजावणार?"

"तुम्ही त्यांना विचारलं नाही?"

"कसं विचारणार? तो म्हणाला असता, हो, मी एकटाच मोजत होतो, तर? सहा वर्षांपूर्वी तो गेला. आता विचारायलाही कुणी नाही."

बाहेर आल्यावर त्यांनी कुलूप लावलं, आणि आवाजावर पुन्हा शिक्का आला. "पुढच्या शुक्रवारी विद्यापीठातून त्सायझेबाई रेघा तपासायला येतायत. गावाच्या साडेसातशे वर्षांच्या उत्सवासाठी भिंतीला ब्राँझचा फलक लागणार. एकशे अडुसष्ट दिवस, एकशे अडुसष्ट रेघा. तोंडाने बोलले ते वाऱ्यावर गेलं. ब्राँझवर एकदा आलं की मी मेल्यावरही तेच खोटं बोलत राहील."

"मग सांगून टाका."

"हेकचा पाव बंद पडेल, गावाचा उत्सव बुडेल. आणि गाव म्हणेल, शेवटी उंदीर तो उंदीरच."

पुढचे आठ दिवस मी कुणाचीही नक्कल केली नाही. आईला वाटलं, मला ताप आहे.

शुक्रवारी शाळेतून मी पळतच वर गेले. बुरुजात नगराध्यक्ष होते, नवा टाय लावून. त्सायझेबाई गुडघ्यांवर बसून भिंतीकडे भिंगातून बघत होत्या. उंच, शांत, बोलण्याआधी दोनदा डोळे मिचकावणाऱ्या. वेंडेलिन हेक पाहुणीसाठी पावांची पाटी घेऊन आले होते. चिर्नरबाई दाराशी, टॉर्च हातात.

"एक गोष्ट स्पष्ट आहे," नगराध्यक्ष म्हणाले, "या रेघा म्हणजे आमच्या गावाचं काळीज."

त्सायझेबाईंनी दोनदा डोळे मिचकावले. "मला एक शंका होती. रेघा ज्यावर आहेत, तो चुन्याचा थर फार नवा..."

"थांबा," चिर्नरबाई म्हणाल्या. "तुम्हाला ते भिंतीकडून कळायच्या आधी माझ्याकडून कळू दे."

आणि त्यांनी सांगितलं, जसं मला सांगितलं होतं तसंच. बुरूज, दूध, उंदरं, शेळी. एकशे त्रेसष्ट. आवंढा आला नाही.

नगराध्यक्षांचा चेहरा तोंडात मारल्यासारखा झाला. "एक गोष्ट स्पष्ट आहे," ते म्हणाले आणि थांबले. काहीच स्पष्ट नव्हतं. मग कुजबुजले, "चिर्नरबाई, हे उत्सवानंतर सांगितलं असतंत तर?"

"पाच वर्षांपूर्वी साडेसातशेच्या समितीत मला घेतलं असतंत, तर तेव्हा सांगितलं असतं." खट्.

"पण भिंतीवर एकशे अडुसष्टच आहेत," त्सायझेबाई म्हणाल्या. "मी दोनदा मोजल्या. शेवटच्या पाच वेगळ्या दिसतात. जास्त खोल, आणि सगळ्या सरळ."

"माझ्या भावाच्या," बाई म्हणाल्या. "रागाने दाबून मारल्या असतील."

"पण तुमचा भाऊ तर तिरक्या..."

तेवढ्यात पाटी जमिनीवर ठेवल्याचा आवाज आला. वेंडेलिन हेक हात पुसत होते. हातांना काही लागलेलं नव्हतं, तरी पुसत होते.

"त्या पाच," ते म्हणाले. "त्या... म्हणजे एकसष्ट साली मी बेकरीत नुकताच..." हात पुसले. "मास्तरांनी मला फोटोच्या आधी धूळ काढायला पाठवलं. ब्रश दिला. मी काढली. सगळ्या ओळी कशा सातसातच्या. आणि शेवटची..."

"शेवटची काय?" मी ओरडले. कुणीतरी ओरडायलाच हवं होतं.

"अर्धी होती. दोनच रेघा. फोटोत कसं दिसलं असतं? माझ्याकडे खिळा होता, हातोडी होती. मी आठवडा पुरा केला. चार आखूड, एक लांब. मला वाटलं, कुणाला काय फरक पडतो. आणि मग मास्तरांनी फोटोवरून मोजल्या आणि म्हणाले, बघ, शेवटच्या पावानंतर मेला!"

नगराध्यक्षांनी नवा टाय सैल केला.

"पन्नास वर्षं," नगराध्यक्ष म्हणाले, "आपण एका बेकरीतल्या पोराच्या टापटिपीवर उत्सव करतोय?"

चिर्नरबाईंनी त्यांच्याकडे बघितलंच नाही. "वेंडेलिन, नक्की पाच?"

"नक्की. खिळा वाकला होता पाचव्याला. बघा, टोकाशी हुकलाय."

बाई वाकल्या. त्यांनी पाचव्या रेघेच्या टोकावरून बोट फिरवलं, दोनदा.

"म्हणजे गोटहार्टसुद्धा विसरला," त्या म्हणाल्या.

"बाई, मला माफ..."

"गप्प बसा हो. तोसुद्धा विसरला! माझ्याच दिवशी. शेळीपायी." आणि त्यांना हसू फुटलं. आईला फुटलं होतं तसं असावं, कारण त्यांना खाली बसावं लागलं, बटाट्यांच्या बुरुजात, राखाडी कोटासकट. हसता हसता डोळे पुसत त्या म्हणाल्या, "आणि सहा वर्षांत त्याच्या थडग्यावर फुलं नेताना मी एकदाही नीट मान वर करून बघितलं नाही. गाढव. दोघंही गाढवं."

फलकाचं काय झालं ते सांगते. 'बुरूज, सुमारे तेराशे' एवढंच त्यावर आलं, कारण नगराध्यक्षांना दुसरं काहीच स्पष्ट होईना. खाली एक छोटी पाटी मात्र लागली, त्सायझेबाईंनी हट्टाने लावून घेतली. त्यावर अकरा कुटुंबांची नावं आहेत. गावात दोन आठवडे चर्चा झाली. काही म्हातारे चिर्नरबाईंशी बोलेनासे झाले, काही पहिल्यांदाच बोलायला लागले. एक आजी दुधाची बाटली घेऊन त्यांच्या दारात आली आणि काही न बोलता ठेवून गेली. बाई म्हणाल्या, "पासष्ट वर्षं उशीर. पोस्टात असं चाललं नसतं."

त्यानंतरच्या पहिल्या रविवारी मी खिडकीतून नाही, गर्दीत उभी राहून दौरा ऐकला. विहीर तीच, जग तोच, चोवीसवर टप्प. बुरुजात बाईंनी टॉर्च फिरवला. "एकशे त्रेसष्ट चिर्नर भावंडांच्या. पाच बेकरीच्या." खट्. लोक हसले, मग गुडघ्यांवर बसून एकेक रेघ बघायला लागले. कुणी तिरकी शोधत होतं, कुणी सरळ. एवढा वेळ त्या भिंतीपाशी कुणी थांबलेलं मी कधीच बघितलं नव्हतं.

दौरा संपला तेव्हा वेंडेलिन हेक चौकात उभे होते, कागदात गुंडाळलेला पाव घेऊन. त्यांनी कागद उघडला. राईचा काळा पाव, गरम. वर दोनच आखूड चिरा, एका कडेला. बाकी पाठ कोरी.

"बाकीच्या?" नगराध्यक्षांनी विचारलं.

"हात शिवशिवत होते," वेंडेलिन म्हणाले. "रात्रभर मनात... पण नाही मारल्या."

चिर्नरबाईंनी एकतीस वर्षांत एप्पो पाव कधी तोंडात घातला नव्हता, हे गावात सगळ्यांना माहीत होतं. पोटाचं पथ्य असेल, असं लोक समजायचे. त्यांनी दोन चिरांच्या बाजूने एक तुकडा मोडला, सावकाश चावला आणि गिळला. सगळा चौक त्यांच्या तोंडाकडे बघत होता. वेंडेलिनचे हात एप्रनवर थबकले होते.

"मीठ कमी आहे," बाई म्हणाल्या. खट्.

आणि दुसरा तुकडा मोडला.